‘गोठलेल्या जमिनीतले जंतू जागे झाले’ ही बातमी कशी वाचावी

मी सूक्ष्मजीवशास्त्र शिकवते. पर्माफ्रॉस्ट, म्हणजे वर्षानुवर्षं गोठलेली जमीन, वितळून जुना जंतू बाहेर आला अशी बातमी आली की विद्यार्थी घाबरून विचारतात, “मॅडम, हे खरं का?” मी त्यांना तीन गोष्टी शोधायला लावते.

आधी बघा, जिवंत जंतू सापडला की नुसता त्याचा माग. १९१८च्या फ्लूत अलास्कातल्या ब्रेविग मिशनमध्ये दगावलेल्यांना गोठलेल्या जमिनीत पुरलं होतं. संशोधक योहान हुल्टिन यांनी १९५१मध्ये तिथून फुप्फुसाचे नमुने आणले, पण विषाणू काही वाढला नाही. १९९७मध्ये ते पुन्हा गेले, तेव्हा मिळाले ते आरएनएचे, म्हणजे विषाणूच्या जनुकीय द्रव्याचे, नुसते तुकडे. पुढे २००५मध्ये तो विषाणू जिवंत झाला, पण प्रयोगशाळेत, माणसांच्या हातून.

मग विचारा, लागण कोणाला होते? २०१४मध्ये सायबेरियाच्या ३०,००० वर्षं जुन्या मातीतून पिथोव्हायरस नावाचा विषाणू वाढवला, तो फक्त अमीबाला ग्रासतो. पण तेवढ्यावर निर्धास्त होऊ नका. माणसाला धोका नको म्हणून संशोधकांनी मुद्दामच आमिष म्हणून अमीबा वापरला होता. जे शोधलंच नाही ते नाही असं म्हणता येत नाही.

तिसरा प्रश्न माझ्या मते सगळ्यात महत्त्वाचा: हा जंतू बीजाणू, म्हणजे टणक कवचातलं तग धरून राहणारं रूप, करतो का? वर्गात आम्ही निरुपद्रवी बॅसिलस जिवाणूची स्लाइड वाफेवर धरून मॅलाकाइट ग्रीनने रंगवतो. वाफेची धग लागल्याशिवाय बीजाणूचं कवच रंग आत घेत नाही, आणि एकदा घेतला की पाण्याने धुतला तरी सोडत नाही. वरून सॅफ्रानिन घातलं की पेशी गुलाबी दिसतात आणि त्यांच्यात हिरवेगार ठिपके. त्या ठिपक्यांकडे नीट बघा. काळपुळीचा, म्हणजे अँथ्रॅक्सचा जंतू अशाच ठिपक्याच्या रूपात मातीत कित्येक दशकं टिकतो.

२०१६च्या उन्हाळ्यात सायबेरियाच्या यमाल द्वीपकल्पात पारा ३५ अंशांपर्यंत गेला. जमीन नेहमीपेक्षा खोल वितळली आणि जुन्या मढ्यांतले काळपुळीचे बीजाणू वर आले, असं मानलं जातं. २,०००हून अधिक रेनडिअर मेले. बारा वर्षांचा एक मुलगा गेला. त्या भागात १९४१नंतर ही साथ आलीच नव्हती, आणि २००७मध्ये रेनडिअरचं लसीकरण थांबवलं होतं. बातम्यांत ‘झॉम्बी’ हा शब्द ठळक असतो, लसीचं हे वाक्य कुठेतरी तळाशी. मी मुलांना तेच आधी शोधायला सांगते.

यमालसारखी बातमी असेल तर मढ्यांचं काय केलं तेही बघा. काळपुळीने मेलेलं जनावर फाडायचं नसतं. रक्तातल्या जंतूंना हवा लागली की ते बीजाणू करू लागतात, आणि ती माती पुढच्या कळपासाठी धोक्याची होते. म्हणून मढं न उघडता जाळतात. यमालमध्ये मढी जाळली, आणि रेनडिअरना पुन्हा लस टोचायला सुरुवात झाली.