हात हलतोच, टेन हुकतो तो ट्रिगरवर

१० मीटर एअर पिस्तुलाच्या टार्गेटवर १० गुणांचं वर्तुळ जेमतेम ११.५ मिलिमीटर व्यासाचं असतं. पिस्तूल एका हातात धरायचं, मनगटाला कसलाही आधार चालत नाही. म्हणून नवी मुलं-मुली पहिले काही महिने हात स्थिर करण्यातच घालवतात. पण हात पूर्ण थांबत कुणाचाच नाही. पिस्तूल ८-९ च्या रिंगणात डुलत असेल आणि ट्रिगर नीट सुटला, तर गुणही ८-९ च्या खाली जात नाहीत. ५ आणि ६ येतात ते बोटाने दिलेल्या झटक्यामुळे.

आधी उभं राहणं. उजव्या हाताने मारणाऱ्याने उजवी बाजू टार्गेटकडे करावी, पावलांत खांद्याएवढं अंतर ठेवावं, वजन दोन्ही पायांवर सारखं असावं. डावा हात खिशात किंवा पट्ट्यात अडकवून टाका. आता डोळे मिटून पिस्तूल उचला, दोन श्वास घ्या, डोळे उघडा. नळी टार्गेटच्या डावीकडे गेलेली असेल तर मागचं पाऊल थोडं डावीकडे सरकवा. उजवीकडे गेली असेल तर उजवीकडे. हात वळवून दुरुस्ती करू नका. ओढून आणलेला हात ट्रिगर सुटताना आपल्या मूळ जागी परत जातो. पावलं जमली की जमिनीवर खडूने खूण करा.

पकडीत मधलं बोट आणि अनामिका मूठ सरळ मागे दाबतात. अंगठा आणि करंगळी नुसती टेकलेली असावीत. दाब किती? पिस्तूल थरथरेपर्यंत आवळा, मग थरथर थांबेपर्यंत सैल करा. तेवढाच दाब सामन्यातल्या साठही शॉट्सना राहिला पाहिजे.

आता नजर. इथे घाई करू नका, कारण इथेही बरेच गुण जातात. फोरसाइटचा (नळीच्या टोकावरच्या पट्टीचा) माथा बॅकसाइटच्या (डोळ्याजवळच्या खाचेच्या) माथ्याशी समपातळीत हवा आणि दोन्ही बाजूंना उजेडाच्या फटी सारख्या हव्यात. दोन साइट्समधलं अंतर साधारण ३३ सेंटिमीटर असतं. त्यामुळे फोरसाइट खाचेत फक्त १ मिलिमीटर सरकली तरी १० मीटरवर छर्रा सुमारे ३० मिलिमीटर भरकटतो, म्हणजे टेनऐवजी सात. म्हणून डोळा फोरसाइटवरच ठेवायचा. तिची वरची कड धारदार दिसली पाहिजे आणि टार्गेट धूसर. टार्गेटच्या मधल्या काळ्या वर्तुळावर काळी साइट हरवते, म्हणून काळ्या भागाच्या खाली पांढरी पट्टी सोडून नेम धरा आणि साइट त्याप्रमाणे लावून घ्या. दुसरा डोळा मिटू नका, चेहरा आवळला जातो. त्यावर झापड लावा. नियमाप्रमाणे तिची रुंदी ३० मिलिमीटरपर्यंत चालते.

श्वास घेत पिस्तूल टार्गेटच्या वर न्या, अर्धा श्वास सोडत खाली आणा. ट्रिगर दोन टप्प्यांत दाबला जातो; खाली येतानाच पहिला टप्पा घेऊन ठेवा. नियमाने ट्रिगरला किमान ५०० ग्रॅम वजन पेलावं लागतं. त्यातलं बरंचसं पहिल्या टप्प्यात निघून जातं. उरलेला दाब बोटाच्या पेराच्या मांसल भागाने, सरळ मागे, हळूहळू वाढवत न्यायचा. पिस्तूल डुलत असतानाही दाब वाढतच राहिला पाहिजे. ‘आता बरोबर दिसतंय, आता दाब!’ असं मनात आलं की बोट झटका देतं आणि मनगट सोबत खाली जातं. नेमाच्या जागी आल्यावर ५ ते ८ सेकंदांत शॉट सुटला नाही, तर पिस्तूल खाली ठेवा. डोळा आणि खांदा दोन्ही थकलेले असतात. ओढून मारलेला तो शॉट बहुतेक वेळा वाया जातो. सुटल्यावरही दोन सेकंद फोरसाइटकडेच बघत राहा. छर्रा नळीतून बाहेर पडेपर्यंत हात हलला तर तो टार्गेटवर दिसतोच.

चुका ओळखण्यासाठी पाच शॉट्सचा ग्रुप, म्हणजे टार्गेटवरचा छिद्रांचा पुंजका बघा, एकेक शॉट बघून साइट फिरवू नका. ग्रुप घट्ट पण बाजूला पडत असेल, तरच साइटच्या स्क्रूला क्लिक द्या. उजव्या हाताच्या नेमबाजाचे छर्रे खाली-डावीकडे जात असतील तर झटका आहे. वर-खाली रांग लागत असेल तर फोरसाइटची उंची बदलतेय. सगळीकडे विखुरले असतील तर नजर टार्गेटवर पळतेय.

झटका सापडत नसेल तर जोडीदाराला पिस्तूल भरून द्यायला सांगा, कधी छर्रा घालून, कधी न घालता. तुम्हाला ते कळता कामा नये. रिकाम्या पिस्तुलाची फोरसाइट टचकन खाली गेलेली दिसली की आजार सापडला.

सिडकोतल्या घरात १० मीटरची खोली कुठून येणार? गरजही नाही. ड्राय फायरची (छर्रा न भरता ट्रिगर सोडण्याची) सोय असलेलं पिस्तूल रिकामं आहे, हे दोनदा तपासा. खिडकीकडे किंवा माणसाकडे नळी कधीच नको. पहिली दहा मिनिटं कोऱ्या भिंतीवर, फक्त फोरसाइट बघत ट्रिगर सोडा. मग डोळ्यापासून ३ मीटरवरच्या भिंतीवर कंपासने ९ मिलिमीटर त्रिज्येचं काळं वर्तुळ काढून लावा. रेंजवर दिसतं तेवढंच ते दिसेल. रोज ३०-४० शॉट्स पुरे. स्प्रिंगच्या पिस्तुलाने मात्र रिकामा फायर करू नका, पिस्टन आपटून आतले भाग खराब होतात. खांद्यासाठी १ लिटरची भरलेली पाण्याची बाटली ३० सेकंद हात सरळ ठेवून धरा, मध्ये मिनिटभर विश्रांती, असं पाच वेळा.

डिसेंबर-जानेवारीत नाशिकच्या सकाळी बोटाचं पेर बधिर होतं आणि ट्रिगरचा दुसरा टप्पा कुठे सुरू होतो ते कळत नाही. दोन शॉट्सच्या मध्ये हात जॅकेटच्या खिशात ठेवा, आणि पहिले दहा शॉट ड्राय मारूनच छर्रा भरा.