या चुका टाळा: दुसऱ्याच्या हुकूमनाम्याचा बेलिफ तुमच्या दारात आल्यावर

दावा दुसऱ्याच दोघांचा, तुम्ही त्यात पक्षकारही नाही, आणि त्यातल्या हुकूमनाम्यावरून (निकालाच्या आदेशावरून) निघालेले कब्जा वॉरंट घेऊन न्यायालयाचा बेलिफ मात्र तुमच्या दारात. सदाशिव पेठेतली वाड्यातली खोली असो की कोथरूडचा फ्लॅट, त्रयस्थाचा चांगला हक्कही पहिल्या महिन्यातल्या चुकांमुळे हातचा जातो.

सगळ्यांत महागात पडते ती वेगळा दावा लावून मनाई मागण्याची घाई. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 21, नियम 101 प्रमाणे मालकी, हक्क, हितसंबंधाचे सगळे प्रश्न दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, चालवणारे न्यायालयच ठरवते. शिवाजीनगरच्या न्यायालयात नव्या दाव्याच्या तारखा पडत राहतात, तोवर इकडे कुलूप बदललेले असते. अर्ज त्याच दरखास्तीत द्यायचा. तिचा क्रमांक वॉरंटवर असतो, बेलिफ निघून जायच्या आत टिपून घ्या.

बेलिफाशी हुज्जत घालून काही मिळत नाही. तो हक्क ठरवत नाही, घडले ते अहवालात लिहितो. म्हणून त्यात काय लिहिले जाते याला महत्त्व. नुसते ‘हरकत आहे’ पुरत नाही. ‘मी जाबदारातर्फे (ज्याच्याविरुद्ध दावा झाला त्याच्यातर्फे) राहत नाही, 2011 च्या नोंदणीकृत खरेदीखताने स्वतःच्या हक्काने कब्जात आहे’ असे नाव, दस्त क्रमांक आणि सहीनिशी लिहून द्या, दस्ताची झेरॉक्स जोडा. धक्काबुक्की झाली तर फौजदारी गुन्हा अंगावर येतो. जाबदाराच्या सांगण्यावरून विनाकारण अडवले असे ठरले आणि कब्ज्याच्या आदेशानंतरही अडवणूक चालू राहिली, तर नियम 98 खाली 30 दिवसांपर्यंत दिवाणी तुरुंगही आहे.

‘आधी कब्जा जाऊ दे, मग बघू’ हा सल्ला ऐकू नका. घरातून निघाल्याशिवाय त्रयस्थाचे ऐकायचेच नाही, ही समजूत सर्वोच्च न्यायालयाने 1997 मध्येच खोडून काढली. कब्जा गेलाच, तर नियम 99 खाली अर्जाला 30 दिवस, कब्जा गेल्या दिवसापासून. उशीर माफ करण्याचे मुदत कायद्याचे कलम 5 आदेश 21 च्या अर्जांना लागू नाही. आजारपणाचा दाखला जोडूनही उपयोग होत नाही.

पैशाच्या वसुलीत तुमची वस्तू किंवा मिळकत जप्त झाली असेल तर मार्ग नियम 58 चा, आणि तो लिलावाआधीच धरायचा. विक्री होऊन गेल्यावर दिलेला अर्ज न्यायालय चौकशीला घेत नाही. भावाच्या शेडमध्ये ठेवलेले तुमचे मशीन जप्त झाले, तर तुमच्या नावाचे बिल आणि पैसे गेल्याचा बँक उतारा लावा. जप्तीनंतर तारीख पडलेले भावाभावांतले प्रतिज्ञापत्र कोणी फारसे मनावर घेत नाही.

दावा चालू असताना जाबदाराकडून विकत घेणाऱ्यांची पंचाईत वेगळी. सातबारा कोरा दिसला म्हणून निर्धास्त होतात. चालू दाव्यातल्या मिळकतीचा खरेदीदार त्या दाव्याच्या निकालाला बांधला जातो, असे संपत्ती हस्तांतरण कायद्याचे कलम 52 सांगते. महाराष्ट्रात ते लागू व्हायला दाव्याची नोटीस, म्हणजे लिस पेंडन्स, नोंदवलेली असावी लागते. तिचा शोध दुय्यम निबंधकाकडे इंडेक्स 2 मध्ये, म्हणजे नोंदलेल्या दस्तांच्या सूचीत, घ्यावा. पण नोटीस सापडली नाही म्हणून हात झटकू नका. अशा खरेदीदाराला नियम 98 आणि 100 चे संरक्षण नाकारणाऱ्या नियम 102 मध्ये नोंदणीची अट लिहिलेली नाही, आणि समोरचा वकील नेमके तेच वाचून दाखवतो. विकणाऱ्याच्या नावाने ई-कोर्टवर दावा शोधणे पाच मिनिटांचे काम आहे.

भाडेकरूंनी एक गोष्ट तपासावी. हुकूमनामा मालकाविरुद्ध असेल आणि तुमची भाडेवट त्याने बांधली जात नसेल, तर नियम 36 प्रमाणे कब्जा फक्त नावापुरता देतात: वॉरंटची प्रत दर्शनी जागी चिकटवून, दवंडी देऊन. तुम्ही बाहेर पडायचे नसते. बाहेर काढायलाच हुकूमनामा झालेल्या भाडेकरूकडून पोटभाड्याने घेतले असेल, तर मात्र उभे राहायला फारशी जागा नाही.

अर्ज फेटाळला गेला की काही जण थेट उच्च न्यायालयातल्या रिट याचिकेचे बोलतात. नियम 103 मुळे नियम 98 किंवा 100 खालचा आदेश हुकूमनाम्यासारखाच धरला जातो, म्हणून अपील. जिल्हा न्यायालयात त्याची मुदत 30 दिवस. सहीशिक्क्याच्या नकलेसाठी अर्ज आदेशाच्या दिवशीच टाका.