लायसन्स नसताना स्वतःची गाडी कशी घ्यावी आणि कशी सांभाळावी

गाडी नावावर करायला ड्रायव्हिंग लायसन्स लागत नाही. मोटार वाहन कायदा १९८८ मध्ये लायसन्सची अट आहे ती रस्त्यावर गाडी चालवणाऱ्याला. मालकाला नाही. हे माहीत नसल्यामुळे कितीतरी आया-मावश्या स्वतःच्या पैशाची गाडी मुलाच्या नाहीतर जावयाच्या नावावर करून मोकळ्या होतात. तसं करू नका. पैसे तुमचे असतील तर आरसी बुकावर नावही तुमचंच हवं. पुढे गाडी विकायची की ठेवायची हे ज्याचं नाव असतं तोच ठरवतो.

आधी चालवणार कोण ते ठरवा

घरचं कोणी, महिन्याच्या पगारावरचा ड्रायव्हर, की लागेल तेव्हा तासावर बोलावलेला? यावरच पुढचं बरंच काही अवलंबून आहे. रोज वेगळा माणूस चालवणार असेल तर ऑटोमॅटिक गाडी बरी पडते, क्लचची झीज वाचते. मात्र एखाद्या ड्रायव्हरचा हात मॅन्युअलवरच बसलेला असतो. त्याला आधी विचारा.

शोरूममध्ये मागच्या सीटवर बसा

टेस्ट ड्राइव्हसाठी लायसन्स असलेला माणूस सोबत न्या आणि तुम्ही मागे बसा. तुमचा सगळा प्रवास तिथेच होणार आहे. गुडघ्यांना जागा पुरते का, चढताना-उतरताना कंबर किती वाकवावी लागते, मागे एसीची हवा येते का, खड्ड्यात किती आदळतं, हे सगळं तपासा. विक्रेता डॅशबोर्डवरचा स्क्रीन कौतुकाने दाखवेल. तो ड्रायव्हरच्या कामाचा. गुडघे दुखत असतील तर थोड्या उंच सीटची गाडीच घ्या, दिसायला कशीही असो.

कागदपत्रं

ओळखीचा आणि पत्त्याचा पुरावा म्हणून आधार, पासपोर्ट किंवा मतदार ओळखपत्र चालतं. पॅनही जवळ ठेवा. फॉर्म २० भरून नोंदणीचं काम नव्या गाडीच्या बाबतीत डीलरच करतो. ‘लायसन्सची झेरॉक्स द्या’ असं कोणी सवयीने म्हणालं तर शांतपणे सांगा, की ते ओळखीच्या पुराव्यांपैकी एक आहे, नोंदणीची अट नाही. कर्ज देताना बँक मुख्यतः उत्पन्न आणि परतफेडीची ऐपत बघते. दिव्यांग व्यक्तीच्या नावावर गाडी घेत असाल तर मालकीच्या प्रकारात ‘दिव्यांगजन’ अशी नोंद करण्याची सोय २०२० पासून आहे, ती करून घ्या. नोंदणीत वारसदाराचं नाव लावण्याची सोयही २०२१ पासून आहे.

जुनी गाडी घेताना मालकी बदलण्याच्या फॉर्म २९ आणि ३० वर विकणाऱ्याच्या सह्या घ्या. आरसी आणि विमा, दोन्ही आपल्या नावावर झाल्याशिवाय व्यवहार पुरा झाला असं समजू नका.

विमा: इथे घाई नको

थर्ड पार्टी विमा, म्हणजे आपल्या गाडीमुळे दुसऱ्याचं नुकसान झालं तर ते भरून देणारा, सक्तीचाच आहे. नव्या कारला तो तीन वर्षांचा घ्यावा लागतो. पण पॉलिसीत मालक-चालकाचा १५ लाखांचा वैयक्तिक अपघात विमाही जोडलेला असतो, आणि तो वैध लायसन्स असलेल्या मालकासाठीच आहे. लायसन्स नसेल तर तो वगळायला सांगा. नाहीतर हप्ता भरूनही दाव्याच्या वेळी हाती काही लागणार नाही.

आणखी एक बाब फारसं कोणी सांगत नाही. सहप्रवाशांसाठी जे अपघात संरक्षण जोडून मिळतं, त्यात खुद्द विमाधारक मालक सहसा धरलेला नसतो. म्हणजे मागच्या सीटवरची मालकीणबाई दोन्हींकडून सुटते. म्हणून स्वतःसाठी गाडीपासून वेगळी अशी वैयक्तिक अपघात पॉलिसी घ्या. पगारी ड्रायव्हर असेल तर त्याच्याविषयीच्या कायदेशीर जबाबदारीचं संरक्षणही जोडून घ्या. त्याचा हप्ता अगदी किरकोळ असतो, आणि आपल्यासाठी राबणाऱ्या माणसाचं तेवढं तरी आपण बघायलाच हवं.

किल्ली देण्याआधी लायसन्स बघा

खरी जबाबदारी इथे आहे. लायसन्स नसलेल्याला गाडी चालवू दिली तर मोटार वाहन कायद्याच्या कलम १८० प्रमाणे मालकाला ५,००० रुपये दंड, तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन्ही होऊ शकतं. अल्पवयीन मुलाच्या हाती गाडी गेली तर २५,००० रुपये दंड, तीन वर्षांपर्यंत कैद आणि बारा महिने नोंदणी रद्द, इथपर्यंत प्रकरण जातं. भाचा कितीही हट्ट करो, सोसायटीच्या दारातल्या रस्त्यावरसुद्धा नाही.

ड्रायव्हरकडून लायसन्स क्रमांक आणि जन्मतारीख घ्या आणि परिवहन खात्याच्या ‘सारथी’ संकेतस्थळावर तपासा. मुदत कधी संपते आणि एलएमव्ही, म्हणजे कारसारख्या हलक्या वाहनांचा वर्ग आहे का, हे दोन्ही बघा. तपासलेल्या पानाचा फोटो तारखेसह जपून ठेवा. स्वरणसिंग खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्ये हेच स्पष्ट केलं: ड्रायव्हरचं लायसन्स खोटं निघालं, एवढ्यावरून विमा कंपनीला हात झटकता येत नाही. मालकाने वाजवी काळजी घेतली नव्हती, हे कंपनीला दाखवावं लागतं. काळजी घेतल्याचा तुमचा पुरावा म्हणजे तो फोटो.

गाडी दारात आल्यावर

आरसीला स्वतःचा मोबाइल क्रमांक जोडलेला आहे ना, हे बघा. डीलरचा किंवा एजंटचा राहिला तर ई-चलानचे मेसेज तुमच्यापर्यंत पोचत नाहीत आणि दंड साचत जातो. फास्टॅगलाही आपलाच क्रमांक द्या. टोल कापल्याचा मेसेज आला की गाडी कुठे आहे हे घरबसल्या कळतं. आरसी, विमा आणि पीयूसी (प्रदूषण तपासणीचं प्रमाणपत्र) सरकारच्या डिजिलॉकर अ‍ॅपमध्ये ठेवा. पीयूसी नव्या गाडीला पहिलं वर्षभर लागत नाही, त्यानंतर मात्र मुदत संपण्याआधी काढत राहा.

ड्रायव्हर सुट्टीवर असेल तेव्हा गाडी आठवड्यातून एकदा तरी फिरवून आणायला लायसन्सवाला शेजारी किंवा नातेवाईक आधीच बोलून ठेवा, नाहीतर बॅटरी उतरते. आणि चालवायला शिकावंसं वाटलंच, तर वय आड येत नाही. लर्निंग लायसन्स काढा, ‘एल’ची पाटी लावा, शेजारी लायसन्सवाला माणूस बसवा आणि आपल्याच गाडीवर शिका.