एका हेडसेटचा गेम दुसऱ्या हेडसेटवर: पीसी व्हीआरमधले दुभाषी आणि त्यांच्या खोड्या

व्हीआर गेम विकत घेतला, हेडसेट डोक्याला चढवला, आणि गेम मॉनिटरवरच सपाट उघडला. किंवा ‘हेडसेट सापडला नाही’ असं सांगून बंद पडला. अशा वेळी बहुधा हेडसेट बिघडलेला नसतो आणि ग्राफिक्स कार्डही कमी पडत नसतं. गेम एका भाषेत बोलतोय आणि हेडसेटचं सॉफ्टवेअर दुसऱ्या, एवढंच झालेलं असतं. मध्ये दुभाषी बसवला की काम होतं. मात्र दुभाष्याला आणखी एक दुभाषी लावला की चित्र अडखळतं, हात वाकडे दिसतात आणि चूक कुठल्या थरात आहे तेच कळेनासं होतं. म्हणून काही डाउनलोड करण्याआधी पाच मिनिटं गेमच्या फोल्डरमध्ये घालवा.

गेमची भाषा ओळखा

पीसीवरचे व्हीआर गेम मुख्यतः तीन भाषांत बोलतात: ओक्युलसची (म्हणजे आताच्या मेटाची) लिबओव्हीआर, व्हॉल्व्हची ओपनव्हीआर, आणि क्रोनोस या संघटनेने सगळ्यांसाठी मिळून केलेली ओपनएक्सआर. ओपनएक्सआरची १.० आवृत्ती जुलै २०१९मध्ये आली, त्यामुळे त्याआधीचे गेम बहुतेक पहिल्या दोघींपैकी एकीत आहेत. पलीकडे असतो रनटाइम, म्हणजे हेडसेट चालवणारं सॉफ्टवेअर. डोकं आणि हात कुठे आहेत हे तो गेमला सांगतो आणि गेमने काढलेलं चित्र भिंगांसाठी वाकवून हेडसेटच्या पडद्यावर पोचवतो. मेटाच्या रनटाइमला लिबओव्हीआर आणि ओपनएक्सआर कळतात. व्हॉल्व्हच्या स्टीमव्हीआर या रनटाइमला ओपनव्हीआर आणि ओपनएक्सआर.

स्टीममध्ये गेमवर राइट-क्लिक करून ‘मॅनेज’ आणि मग ‘ब्राउझ लोकल फाइल्स’ निवडा. उघडलेल्या फोल्डरमध्ये डीएलएल फाइली (गेम वापरतो ते कोडचे तयार तुकडे) शोधा. नावात ‘ओपनव्हीआर एपीआय’ असेल तर भाषा ओपनव्हीआर, ‘ओपनएक्सआर लोडर’ असेल तर ओपनएक्सआर, ‘ओव्हीआर प्लगइन’ असेल तर ओक्युलस. दोन-तीन एकदम सापडल्या तर आनंदच, कारण तो गेम एकाहून जास्त भाषा जाणतो. असे बरेच गेम ‘प्ले’ दाबल्यावर ‘स्टीमव्हीआर मोड की ओक्युलस मोड’ असं विचारतात. मेटाचा क्वेस्ट हेडसेट लिंक (केबलने) किंवा एअर लिंकने (वाय-फायने) जोडलेला असेल तर ओक्युलस मोड घ्या. सवयीने स्टीमव्हीआर निवडणारे पुढे तासभर अडखळण्याचं कारण शोधत बसतात.

ओपनएक्सआर: दुभाषी नको, फक्त पत्ता बरोबर द्या

ओपनएक्सआर गेम विंडोजला एकच विचारतो: सध्याचा रनटाइम कोणता? एका वेळी एकाच रनटाइमचं नाव नोंदलेलं असतं, आणि नवं सॉफ्टवेअर टाकताना ते नाव बदलू शकतं. काल चालणारा गेम आज स्टीमव्हीआर उघडतोय, तर आधी ही नोंद पाहा. मेटाच्या पीसी ॲपमध्ये सेटिंग्जमधल्या ‘जनरल’ भागात ओपनएक्सआर रनटाइमची ओळ आहे. स्टीमव्हीआरच्या सेटिंग्जमध्ये ओपनएक्सआरचा वेगळा विभाग आहे. दिसत नसेल तर ‘ॲडव्हान्स्ड सेटिंग्ज’चा खटका ‘शो’वर न्या. रनटाइम बदलल्यावर गेम पूर्ण बंद करून पुन्हा उघडा, कारण चालू गेम नवी नोंद वाचत नाही.

क्वेस्टला लिंक किंवा एअर लिंक वापरत असाल तर मेटाचा रनटाइम ठेवा. व्हॉल्व्हचा इंडेक्स हेडसेट, एचटीसीचा वाइव्ह, किंवा क्वेस्टवर व्हॉल्व्हचं मोफत स्टीम लिंक ॲप वापरत असाल तर स्टीमव्हीआर. मायक्रोसॉफ्ट फ्लाइट सिम्युलेटरसारखे गेम मुळातच ओपनएक्सआरमध्ये असल्यामुळे एवढ्यावर काम भागतं. त्यांना पुढची कुठलीही फाइल लावू नका.

ओपनकॉम्पोझिट: स्टीमव्हीआर वगळण्यासाठी

ओपनव्हीआर गेम क्वेस्टवर लिंकने चालवला की वर स्टीमव्हीआर आणि खाली मेटाचा रनटाइम, असे दोन्ही राबतात. ९० हर्ट्झला एक फ्रेम काढायला जेमतेम ११.१ मिलिसेकंद मिळतात. १२० हर्ट्झला ८.३. त्यातले थोडे जरी मधल्या थराने खाल्ले, तरी ताकदीच्या काठावर असलेला पीसी धापा टाकायला लागतो. ओपनकॉम्पोझिट ओपनव्हीआरचे हुकूम थेट ओपनएक्सआरमध्ये करतं आणि स्टीमव्हीआरला पूर्ण बाजूला ठेवतं. आसेटो कोर्सा काँपिटिझिओनेसारख्या रेसिंग गेमच्या खेळाडूंमध्ये ते लोकप्रिय आहे ते यामुळेच.

ते लावायचे दोन मार्ग आहेत. पहिल्यात त्याचं छोटं स्विचर ॲप एका बटणाने सगळ्या गेमसाठी स्टीमव्हीआरच्या जागी ओपनकॉम्पोझिट नोंदवतं. दुसऱ्यात एकाच गेमची डीएलएल बदलायची. आमचं मत दुसऱ्याच्या बाजूने आहे, कारण बिघडलं तर एकच गेम बिघडतो. गेमच्या फोल्डरमध्ये ‘ओपनव्हीआर एपीआय’ शोधा. युनिटी या गेम इंजिनवर केलेल्या गेममध्ये ती बहुधा ‘डेटा’ फोल्डरमधल्या ‘प्लगइन्स’खाली असते, अनरीअलच्या गेममध्ये ‘एंजिन’खाली ‘बायनरीज’ आणि मग ‘थर्ड पार्टी’मध्ये. मूळ फाइल खोडू नका. नावाला एखादं अक्षर जोडून तिथेच ठेवा. तिच्या जागी ओपनकॉम्पोझिटची त्याच नावाची फाइल टाका. गेम ६४-बिटचा असेल तर फाइलही ६४-बिटचीच हवी. ३२-बिटची टाकली तर गेम चालत नाही. मग मेटाचा रनटाइम नोंदलेला आहे ना बघा, लिंक चालू करा, स्टीमव्हीआर बंद ठेवा आणि गेम उघडा. स्टीम स्वतःहून स्टीमव्हीआर उघडत असेल तर गेमची ईएक्सई (गेम सुरू करणारी फाइल) फोल्डरमधून थेट चालवून बघा.

दोन गोष्टी गमावता. स्टीमव्हीआरचा डॅशबोर्ड येत नाही आणि त्यातून बटणं बदलता येत नाहीत. शिवाय गेमचं अपडेट आलं किंवा फाइलींची तपासणी करवली की स्टीम मूळ डीएलएल परत आणून ठेवतं. ‘अचानक चालेना झालं’ अशी तक्रार असेल तर आधी हे तपासा. ऑनलाइन खेळायच्या ज्या गेममध्ये फसवणूकविरोधी सॉफ्टवेअर असतं, तिथे डीएलएल बदलूच नका. गेम उघडणार नाही, आणि खात्यावर बंदी यायचा धोका वेगळा.

रिव्हाइव्ह: उलट्या दिशेचा दुभाषी

ओक्युलसच्या पीसी दुकानातले लोन एको, ॲसगार्ड्स रॅथ, स्टॉर्मलँड हे गेम इंडेक्स किंवा वाइव्हवर खेळायचे तर रिव्हाइव्ह लागतं. एप्रिल २०१६मध्ये ते आलं. मे महिन्यात ओक्युलसने हेडसेट आपलाच आहे का याची तपासणी गेममध्ये घातली, त्यावर बराच गदारोळ झाला, आणि जूनमध्ये ती तपासणी काढली गेली. तेव्हापासून हा मार्ग उघडा आहे.

आधी एक सापळा. मेटाच्या दुकानात क्वेस्टचे गेम वेगळे आणि पीसीचे वेगळे असतात. क्वेस्टचा गेम हेडसेटच्या आतल्या अँड्रॉइडवर चालतो. तो पीसीवर येत नाही आणि रिव्हाइव्ह त्याला हात लावू शकत नाही. काही गेम एकाच किमतीत दोन्हीकडे मिळतात, पण खरेदीपूर्वी पीसीचा उल्लेख डोळ्यांनी वाचा.

१. मेटाचं पीसी ॲप टाका. हेडसेट जोडायला सांगेल; ती पायरी वगळून पुढे जा.
२. त्याच्या सेटिंग्जमध्ये ‘जनरल’खाली ‘अननोन सोर्सेस’ चालू करा.
३. विकत घेतलेला गेम याच ॲपमधून उतरवा.
४. स्टीमव्हीआर उघडून हेडसेट आणि दोन्ही कंट्रोलर नीट दिसतात का बघा, मग बंद करा.
५. रिव्हाइव्ह त्याच्या गिटहबवरच्या पानावरूनच घ्या. ते गेममध्ये आपला कोड घुसवतं, म्हणून अँटिव्हायरस ओरडू शकतो. अँटिव्हायरस बंद करू नका. फक्त रिव्हाइव्हच्या फोल्डरला सूट द्या.
६. स्टीमव्हीआर पुन्हा सुरू करा. डॅशबोर्डच्या तळाशी रिव्हाइव्हचं चिन्ह येईल, त्यात गेमची यादी.

यादीत गेम दिसत नसेल तर विंडोजच्या घड्याळाजवळच्या रिव्हाइव्हच्या चिन्हावर राइट-क्लिक करून ‘इंजेक्ट’ निवडा आणि गेमची ईएक्सई दाखवा. रिव्हाइव्हचं चिन्हच गायब असेल तर बहुधा स्टीमव्हीआर मागच्या वेळी कोसळला होता; कोसळल्यावर तो जोडलेली सॉफ्टवेअरं स्वतःच अडवून ठेवतो. सेटिंग्जमध्ये ‘स्टार्टअप / शटडाउन’खाली ‘मॅनेज ॲड-ऑन्स’मध्ये जाऊन परवानगी परत द्या. गेम उघडून लगेच मिटत असेल, तर मेटाची पार्श्वभूमीत चालणारी सेवा कुणी ‘पीसी हलका करायला’ बंद तर केली नाही ना ते पाहा. गेम तुमच्या मालकीचा आहे की नाही हे तिच्याकडूनच कळतं.

वाइव्हच्या जुन्या कांडीसारख्या कंट्रोलरवर एक अडचण राहतेच. ओक्युलसच्या गेममध्ये वस्तू पकडून ठेवायला बाजूचं बटण सतत दाबायचं असतं, आणि कांडीचं ते बटण त्यासाठी केलेलं नाही, बोटं दुखतात. रिव्हाइव्हच्या सेटिंग्जमध्ये एकदा दाबलं की पकड, पुन्हा दाबलं की सोड, असा पर्याय आहे. इंडेक्सच्या कंट्रोलरवर हा त्रास नाही.

वायरलेसवाल्यांसाठी

क्वेस्ट किंवा पिको हेडसेट वाय-फायवर चालवायचा असेल तर सर्वांत कमी थर व्हर्च्युअल डेस्कटॉप या ॲपमध्ये पडतात. त्याचा स्वतःचा ओपनएक्सआर रनटाइम आहे, व्हीडीएक्सआर. पीसीवरच्या स्ट्रीमर ॲपमध्ये ओपनएक्सआर रनटाइम म्हणून तो निवडला की ओपनएक्सआर गेमच्या वाटेत स्टीमव्हीआर येत नाही. हे ॲप हेडसेटच्या दुकानातून घ्यायचं. स्टीमवरची त्याच नावाची खरेदी या कामाला उपयोगी नाही. गेम चुकीच्या मार्गाने उघडत असेल तर स्ट्रीमरच्या चिन्हावर राइट-क्लिक करून ‘लाँच गेम’मधून ईएक्सई निवडा. फुकटात हवं तर स्टीम लिंक चांगलं आहे, पण त्याचा रनटाइम स्टीमव्हीआरच, त्याला पर्याय नाही.

पीसी राउटरला केबलनेच जोडा. हेडसेट ५ गिगाहर्ट्झवर ठेवा, चॅनेलची रुंदी ८० मेगाहर्ट्झ. ब्रॉडबँडवाल्याने दिलेल्या राउटरवर बहुतेकदा २.४ आणि ५ गिगाहर्ट्झ एकाच नावाने असतात आणि हेडसेट मधेच हळू बँडवर उडी मारतो. दोघांची नावं वेगळी करा. इंटरनेटचा प्लॅन किती एमबीपीएसचा आहे याच्याशी या सगळ्याचा काही संबंध नाही, कारण चित्र घराबाहेर जातच नाही. काँक्रीटची एक भिंत मध्ये आली तर मात्र संबंध लगेच कळतो.

विंडोज मिक्स्ड रिॲलिटी आणि पीएसव्हीआर२

मायक्रोसॉफ्टने मिक्स्ड रिॲलिटी (विंडोजची स्वतःची व्हीआर यंत्रणा) गुंडाळायचं डिसेंबर २०२३मध्ये जाहीर केलं आणि विंडोज ११च्या २४एच२ आवृत्तीतून ती काढून टाकली. जुना एचपी किंवा लेनोवो हेडसेट असेल तर ते अपडेट घेतल्यावर तो मुका होतो. स्टीमवर ओएसिस नावाचा मोफत ड्रायव्हर आहे, तो अशा हेडसेटला थेट स्टीमव्हीआरशी जोडतो. अट एकच, ग्राफिक्स कार्ड एनव्हिडियाचं हवं. पीएसव्हीआर२ला, म्हणजे प्लेस्टेशनच्या हेडसेटला, सोनीचा पीसी ॲडॉप्टर लागतो (ऑगस्ट २०२४पासून विक्रीत), शिवाय डिस्प्लेपोर्ट १.४ची केबल आणि ब्लूटूथ, जे दोन्ही डब्यात मिळत नाहीत. पीसीवर त्याचं एचडीआर आणि डोळ्यांचं ट्रॅकिंग अधिकृतपणे चालत नाही. लॅपटॉपवाल्यांनी आधी खात्री करावी की डिस्प्लेपोर्ट मुख्य ग्राफिक्स कार्डालाच जोडलेला आहे. कित्येक लॅपटॉपांत तो प्रोसेसरमधल्या ग्राफिक्सला जोडलेला असतो आणि मग हेडसेट काळाच राहतो.

चालतंय, पण अडखळतंय

सगळ्यात नेहमीची चूक म्हणजे रेझोल्यूशन दोन-तीन ठिकाणी वाढवणं. मेटाच्या ॲपमध्ये एक पट्टी आहे, स्टीमव्हीआरच्या ‘व्हिडिओ’मध्ये दुसरी, गेममध्ये तिसरी, आणि या एकमेकींना गुणतात. स्टीमव्हीआरची टक्केवारी एकूण पिक्सेलांची असते, तर गेममधला आकडा पुष्कळदा एका बाजूचा. म्हणजे स्टीमव्हीआरमध्ये १५० टक्के आणि गेममध्ये १.४ ठेवलं तर १.५ गुणिले १.९६ (१.४चा वर्ग), जवळजवळ तिप्पट पिक्सेल. दोन ठिकाणी १०० टक्के ठेवा आणि एकाच ठिकाणी आकडा बदला.

चित्र निम्म्या फ्रेमवर अडकून हलत्या वस्तूंच्या कडा थरथरत असतील, तर मेटाचा रनटाइम मधल्या फ्रेम स्वतः बनवतोय. कंट्रोल आणि नंबरपॅडवरचा १ दाबला की ते थांबतं, ४ दाबला की पुन्हा आपोआप. बंद केल्यावर फ्रेम टिकत नसतील तर ८० किंवा ७२ हर्ट्झवर या, ७२ला १३.९ मिलिसेकंद मिळतात आणि बहुतेक जुन्या पीसींना तेच झेपतं.

स्टीमव्हीआर १०८ क्रमांकाची चूक दाखवत असेल तर त्याला हेडसेट दिसलेला नाही. क्वेस्टमध्ये आधी लिंक सुरू करून मगच स्टीमव्हीआर उघडायचा.

हात मनगटातून वाकडे दिसतात किंवा बंदूक आकाशाकडे रोखलेली असते, कारण प्रत्येक कंपनीने पकडीचा कोन वेगळा धरलेला आहे. स्टीमव्हीआरमध्ये त्या गेमच्या कंट्रोलर बाइंडिंग्ज उघडून इतर खेळाडूंनी तुमच्याच कंट्रोलरसाठी केलेली मांडणी निवडा. स्वतः कोन जुळवत बसण्यापेक्षा ते लवकर होतं. रनटाइम बदलला की जमिनीची उंचीही पुन्हा मोजून घ्या. मेटाने एक उंची धरलेली असते आणि स्टीमव्हीआरने दुसरी. गेममधली जमीन खऱ्या जमिनीपेक्षा वीस सेंटिमीटर वर आली तर वरच्या फळीवरची वस्तू घ्यायला हात तेवढाच जास्त वर जातो, आणि आपल्या घरांत त्या उंचीवर बहुधा फिरता पंखा असतो. उभ्याने खेळायचे गेम सुरू करण्याआधी तो बंद करून टेबलफॅन लावा.