डिस्टॉर्शन पेडल वापरताय? या चुका टाळा

नवं डिस्टॉर्शन पेडल (गिटारचा आवाज मुद्दाम फाडणारी, पायाने चालू-बंद करायची पेटी) हातात आलं की पहिल्या पाच मिनिटांत गेनचा, म्हणजे आवाज किती फाटणार ते ठरवणारा, नॉब उजवीकडे शेवटपर्यंत जातो. माझाही गेला होता. खोलीत एकट्याने वाजवताना आवाज भरदार वाटला. ड्रम आणि बेस सुरू झाले तेव्हा माझी गिटार मलाच ऐकू येईना. मग मी गेन आणखी वाढवला. तीच खरी चूक.

पेडल सिग्नल इतका वाढवतं की लहरीचे शेंडे कापले जातात. याला क्लिपिंग म्हणतात. शेंडे कापले की मूळ सिग्नलमध्ये नसलेले हार्मोनिक्स (स्वराच्या पटीतले वरचे स्वर) तयार होतात आणि आवाजाला धार येते. पण त्याच वेळी हळू छेडलेली तार आणि जोरात छेडलेली तार यांतला फरक पुसला जातो, पिकचा आघात बोथट होतो. शिवाय पिकअपची घूंघूं आणि तारांवर बोटं घासल्याचा आवाजही वर येतो. गेन निम्म्यावर आणा आणि लेव्हल (पेडलमधून बाहेर पडणारा आवाज) वाढवा. अॅम्पचा (अॅम्प्लिफायरचा) आवाज आधीच थोडा फाटत असेल तर पेडलचा गेन जवळजवळ शून्यावर नि लेव्हल वर ठेवून बघा. मला तरी हा आवाज जास्त आवडतो.

कॉर्डचा चिखल होतो, ही तक्रारही इथलीच. क्लिपिंगमध्ये दोन स्वरांच्या कंपनसंख्यांची बेरीज-वजाबाकी होऊन नवे स्वर उमटतात. पॉवर कॉर्डमधल्या (मूळ स्वर आणि त्याचा पंचम, एवढीच कॉर्ड) दोन स्वरांचं प्रमाण साधारण ३:२ असतं, त्यामुळे वजाबाकीतून मूळ स्वराचाच खालचा सप्तक मिळतो आणि कॉर्ड उलट भारदस्त होते. सहा तारांच्या पूर्ण कॉर्डमध्ये अशा जोड्या खूप होतात आणि त्या एकमेकींशी जुळत नाहीत. तिथे दोन-तीनच तारा वाजवा.

मिडल कापू नका

बेस (खालचे स्वर) आणि ट्रेबल (वरचे) यांचे नॉब वर, मिडल (मधले) शून्यावर: खोलीत झकास, बँडमध्ये गायब. खाली बेस गिटार आणि किक ड्रम, वर झांजा; गिटारची जागा मधली, आणि आपण तीच रिकामी करतो. ट्यूब स्क्रीमर हे पेडल ७२० हर्ट्झच्या आसपासचा पट्टा पुढे आणतं, म्हणून त्यावरचा सोलो गर्दीतून बाहेर येतो. बिग मफ या पेडलचा टोन नॉब मध्यावर ठेवला की मधला भाग खाली बसतो. तेव्हा पेडलला नावं ठेवण्याआधी अॅम्पचा मिडल वाढवा. आणि सेटिंग नेहमी प्रत्यक्ष वाजवायच्या आवाजातच करा. हळू आवाजात कानाला बेस आणि तीव्र स्वर कमी ऐकू येतात, म्हणून आपण ते नको इतके वाढवून बसतो.

रॅट हे पेडल वापरणाऱ्यांसाठी एक गंमत: त्याचा फिल्टर नॉब उलटा चालतो, उजवीकडे फिरवला की आवाज मंद होतो.

पेडलांच्या क्रमात डिले (प्रतिध्वनी) आणि रिव्हर्ब (घुमार) सहसा डिस्टॉर्शननंतर. फझ या जुन्या, खरखरीत डिस्टॉर्शनचं मात्र वेगळं. १९६६ सालच्या फझ फेससारख्या सर्किटला गिटारचा पिकअप थेट लागतो. मध्ये बफर (सिग्नलला आधार देणारं छोटं सर्किट) असलेला ट्यूनर आला तर आवाज कर्कश होतो आणि गिटारचा व्हॉल्यूम कमी करूनही तो नीट साफ होत नाही. फझ सर्वांत पुढे, गिटारच्या लगेच नंतर ठेवा.

शीळ आणि घरघर

एकाच अडॅप्टरच्या साखळीवर डिजिटल पेडल आणि डिस्टॉर्शन एकत्र असतील तर बारीक शीळ ऐकू येऊ शकते. डिस्टॉर्शन पेडल बॅटरीवर चालवून बघा. शीळ थांबली तर दोष वीजपुरवठ्यात, आणि उपाय म्हणजे प्रत्येक पेडलला वेगळं, आयसोलेटेड (इतरांपासून विलग) वीज आउटपुट. तरीही घूंघूं राहिली तर अॅम्पसमोर उभं राहून गिटार हळूहळू फिरवा. आवाज कमी-जास्त झाला तर सिंगल कॉइल (एकाच वेटोळ्याचा) पिकअप आसपासची घूंघूं पकडतोय.

बहुतेक पेडलं ९ व्होल्टची, पिनच्या मध्यभागी ऋण. जुन्या धाटणीची काही जर्मेनियम फझ याच्या उलट असतात, ती अडॅप्टरच्या साखळीत कधीच जोडू नका. आणि बॅटरी दोन दिवसांत संपत असेल तर रात्री इनपुटची केबल काढून ठेवता का ते बघा. ती खोचलेली असली की दिवा बंद असला तरी पेडल चालूच असतं.