निवडणूक न लढवता कायद्याच्या कामात: नव्यानं येणाऱ्यांसाठी थोडा अनुभव

महाराष्ट्राच्या विधानसभेत २८८ आमदार आहेत आणि विधान परिषदेत ७८. राज्याचा कायदा मंजूर करायचा अधिकार एवढ्याच लोकांना. पण अधिवेशनाच्या दिवशी सकाळी विधान भवनाच्या दारात उभं राहून पाहिलं, तर आत जाणारी माणसं याच्या कितीतरी पट असतात. प्रतिवेदक (सभागृहातलं बोलणं शब्दशः टिपणारे), अनुवादक, मंत्रालयातले कक्ष अधिकारी, समितीचे कर्मचारी, आमदारांचे सहायक, फायली सांभाळणारे शिपाई. कॉलेजात बोलायला गेले की हमखास कुणीतरी विचारतं, "ताई, राजकारणात उतरायचं नाही, पण कायदा होतो तिथे काम करायचंय. आपल्याला जागा आहे का?" जागा आहे. मी स्वतः कायद्याची पदवी घेऊन विदर्भातल्या एका आमदारांकडे विधिमंडळाच्या कामासाठी सहायक म्हणून काही वर्षं काम केलं. त्या काळात जे पाहिलं आणि शिकले, ते इथे लिहितेय.

सुरुवातीला एक गोष्ट सांगते. या कामाला कमी लेखणाऱ्या प्रत्येकाला मी ती सांगते. संविधान सभेचे सल्लागार बेनेगल नरसिंह राव हे सभेचे सदस्य नव्हते. त्यांनी ऑक्टोबर १९४७ मध्ये तयार केलेला पहिला कच्चा मसुदा २४३ अनुच्छेद आणि १३ अनुसूचींचा होता आणि मसुदा समितीचं काम त्यावर सुरू झालं. एस. एन. मुखर्जी हे मुख्य मसुदाकार, तेही सदस्य नव्हते. २५ नोव्हेंबर १९४९ च्या भाषणात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी संविधानाचं श्रेय या दोघांना नाव घेऊन दिलं. मुखर्जींचा वाटा तर त्यांनी आणखी मोठा मानला. गुंतागुंतीचा प्रस्ताव सोप्या आणि नेमक्या कायदेशीर भाषेत बसवण्याची त्यांची हातोटी क्वचितच कुणाकडे असेल, असं ते म्हणाले. पुढे मुखर्जींच्या हाताखाली मध्यरात्र उलटेपर्यंत राबलेल्या कर्मचाऱ्यांचीही आठवण त्यांनी सभागृहात काढली. त्या कर्मचाऱ्यांची नावं आपल्याला ठाऊक नाहीत. पण त्यांच्या कामाची नोंद त्या भाषणात कायमची राहिली आहे.

आता प्रत्यक्ष कामाकडे येते. बहुतेक नवी मुलं आमदारांच्या कार्यालयातूनच सुरुवात करतात, म्हणून त्याबद्दल जरा सविस्तर.

आमदारांचा स्वीय सहायक आणि विधिमंडळाचं काम पाहणारा सहायक, ही दोन निरनिराळी कामं आहेत. स्वीय सहायकाचा दिवस शिफारसपत्रं, बदल्यांचे अर्ज, दवाखान्यातल्या खाटा, लग्नाच्या पत्रिका आणि फोन यांत जातो. ते काम कष्टाचं आहे आणि मतदारसंघ त्यावरच चालतो. पण तुम्हाला कायद्याकडे वळायचं असेल, तर प्रश्न, लक्षवेधी (तातडीच्या विषयाकडे मंत्र्यांचं लक्ष वेधणारी सूचना) आणि विधेयकं हे काम आपलं, हे पहिल्याच भेटीत ठरवून घ्या. नाहीतर वर्ष सरतं आणि हाती फक्त शिफारसपत्रांची फाइल उरते.

यातलं पहिलं कौशल्य म्हणजे तारांकित प्रश्न, म्हणजे मंत्र्यांनी सभागृहात तोंडी उत्तर द्यायचा प्रश्न, लिहिणं. विधिमंडळाच्या प्रश्नाचा एक ठरलेला साचा आहे: अमुक घडले, हे खरे आहे काय, असल्यास, शासनाने चौकशी केली आहे काय, असल्यास, त्यानुसार कोणती कार्यवाही केली, नसल्यास, विलंबाची कारणे काय आहेत? छापील यादीत उत्तरंही ठरलेल्या शब्दांत येतात: "होय", "हे खरे नाही", "अंशतः खरे आहे", आणि सगळ्यात जास्त वेळा "प्रश्न उद्भवत नाही".

ते "प्रश्न उद्भवत नाही" टाळणं हीच सहायकाची कसोटी. समजा, एका प्राथमिक आरोग्य केंद्राची इमारत बांधून झाली, पण केंद्र सुरू नाही. नवखा सहायक पहिल्याच भागात लिहितो: इमारत दोन वर्षांपूर्वी पूर्ण होऊनही, निकृष्ट बांधकामामुळे, केंद्र सुरू झालेले नाही, हे खरे आहे काय? विभाग काय करतो, तर बांधकाम निकृष्ट नाही एवढं धरून "हे खरे नाही" असं उत्तर देतो. मग पुढच्या प्रत्येक भागाला "प्रश्न उद्भवत नाही". एक विशेषण जास्त झालं आणि आख्खा प्रश्न वाया गेला. म्हणून पहिल्या भागात तेवढंच विचारा, जे नाकारताच येणार नाही: अमुक तारखेला इमारतीचा ताबा आरोग्य विभागाकडे देण्यात आला आहे, हे खरे आहे काय? ताबापावतीची प्रत आधी मिळवा. मंजूर पदं किती, भरलेली किती, वीजजोडणीचा अर्ज कधी केला, हे एकेक करून पुढच्या भागांत विचारा. आमचे आमदार, ज्यांना सगळे भाऊ म्हणत, ते प्रश्नाचा कागद हातात घेतल्यावर एवढंच विचारायचे, "याचा पुरावा कुठाय?" मंत्र्यांच्या उत्तरावर उपप्रश्न विचारायला ते उभे राहायचे, तेव्हा त्यांच्या हातातल्या कागदावरची प्रत्येक तारीख मी पडताळलेली असायची. बोलायचे ते आणि त्याचं श्रेय त्यांचंच. तारीख चुकली तर मात्र ती माझी चूक. ही वाटणी मनापासून मान्य असेल, तरच या कामात या.

समोरच्या बाजूलाही अशीच माणसं असतात. प्रश्न मंत्रालयात पोहोचला की संबंधित कक्ष अधिकारी जिल्ह्यातून माहिती मागवतो, उत्तराचा मसुदा करतो आणि मंत्र्यांसाठी पूरक टिप्पणी तयार करतो. सदस्य कोणता उपप्रश्न विचारू शकतील, याचा अंदाज बांधून लिहिलेले कागद ते. प्रश्नोत्तराच्या तासाला अधिकारी गॅलरीत बसलेली मंडळी मान पुढे काढून ऐकत असतात. उपप्रश्न अनपेक्षित आला की चिठ्ठी लिहिली जाते, शिपाई ती नेऊन देतो आणि मंत्री उत्तर पुढे चालू ठेवतात. मी विरोधी बाकांवरच्या आमदारांसाठी काम करत होते, तरी त्या गॅलरीतल्या लोकांबद्दल मला कायम आदर वाटत आला. रात्री अकराला जिल्ह्यातून आकडा मागवून सकाळी तो मंत्र्यांच्या फाइलमध्ये बिनचूक ठेवणं सोपं नाही. या बाजूला यायचं असेल तर लोकसेवा आयोगाची सहायक कक्ष अधिकारी पदाची परीक्षा हा सरळ मार्ग.

विधिमंडळाचं सचिवालय मात्र मंत्रालयाहून वेगळं. संविधानाच्या अनुच्छेद १८७ नं राज्याच्या विधानमंडळाला स्वतःचा स्वतंत्र कर्मचारीवर्ग दिलाय. तिथला कर्मचारी सत्ताधाऱ्यांचाही नसतो आणि विरोधकांचाही. सभागृहातले प्रतिवेदक याचं उत्तम उदाहरण. सदस्य बोलत असतात, मध्येच दुसरे उठतात, अध्यक्ष खाली बसायला सांगतात आणि या सगळ्यातून प्रतिवेदकाला कोण काय बोललं ते टिपायचं असतं. ठराविक मिनिटांनी पाळी बदलते. एक आत येतो, आधीचा बाहेर जाऊन टिपलेलं उतरवून काढतो. मंत्र्यांनी सभागृहात दिलेलं आश्वासन याच शब्दशः नोंदीतून शोधलं जातं आणि ते पाळलं की नाही हे आश्वासन समिती पाहते. म्हणजे प्रतिवेदकानं टिपलेल्या एका वाक्यावर पुढे एखादा विभाग उत्तरदायी ठरतो. लघुलेखन आता कोण शिकतं, असं म्हणणाऱ्यांकडे लक्ष देऊ नका. पुण्याची महाराष्ट्र राज्य परीक्षा परिषद लघुलेखनाच्या परीक्षा घेते. तिथे वरचा वेग गाठलेल्या मराठी मुलामुलींना मागणी आहे.

मसुदालेखन हे मला या सगळ्यात सर्वांत मोलाचं काम वाटतं. सरकारी विधेयकाचा मसुदा विधी व न्याय विभागात होतो आणि तिथे विधी पदवी व अनुभव लागतो. पण मसुदा वाचायची सवय आजपासून लावता येते आणि त्यासाठी मी एकच कायदा सुचवते: २०१३ चा जादूटोणाविरोधी कायदा.

त्यामागचे डॉ. नरेंद्र दाभोलकर कधीही आमदार नव्हते. कायद्यासाठी त्यांनी कित्येक वर्षं राज्यभर फिरून, मंत्र्यांना आणि सर्व पक्षांच्या सदस्यांना भेटून पाठपुरावा केला. २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात त्यांचा खून झाला. त्यानंतर काही दिवसांतच अध्यादेश निघाला आणि डिसेंबरमध्ये नागपूरच्या हिवाळी अधिवेशनात कायदा मंजूर झाला. हा इतिहास बऱ्याच जणांना माहीत असतो. कायद्याची रचना मात्र फार थोड्यांनी पाहिलेली असते. त्यात अंधश्रद्धेची व्याख्या नाही. ती केली असती तर श्रद्धा कुठे संपते या वादात प्रत्येक खटला अडकला असता. त्याऐवजी शेवटी अनुसूची जोडली आहे आणि त्यात १२ प्रकारची कृत्यं नेमकी वर्णन केली आहेत. भूत उतरवण्याच्या नावाखाली माणसाला दोरखंडानं किंवा साखळीनं बांधणं, मारहाण करणं, साप-विंचू चावल्यावर वैद्यकीय उपचार घेऊ न देणं, अशी. अनुसूचीतलं कृत्य केलं तरच गुन्हा. वारकरी संप्रदायातून शंका येत होत्या, म्हणून कीर्तन, प्रवचन, भजन, यात्रा, प्रदक्षिणा यांना हा कायदा लागू नाही, हेही कायद्यातच लिहिलं. प्रत्येक आक्षेपाला त्या मजकुरात कुठेतरी उत्तर आहे. इतक्या वर्षांच्या वादावादीनं मसुद्याचं काय केलं ते त्या काही पानांत दिसतं. हा कायदा शेवटाकडून वाचायला घ्या, आधी अनुसूची आणि मग व्याख्या.

विधेयकात काय लिहिलेलं नाही, तेही शोधायला शिका. महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम, २०१५ उघडून दाखला किती दिवसांत मिळायला हवा ते शोधलंत, तर सापडणार नाही. कायदा सांगतो की प्राधिकरणानं सेवा, पदनिर्देशित अधिकारी आणि मुदत अधिसूचित करावी. विलंबासाठीचा दंड मात्र कायद्यातच आहे, ५०० ते ५,००० रुपये. नागरिकाच्या रोजच्या कामाचा आकडा अधिसूचनेत गेला, म्हणजे तो बदलायला सभागृहात यायची गरज उरली नाही. असे अधिकार सरकारकडे कुठे जातात, हे सांगणारं ज्ञापन विधेयकाला जोडलेलं असतं. सहायकानं आधी ते वाचावं, दुरुस्त्या सुचवायच्या जागा तिथेच सापडतात.

अनुवादकांबद्दल थोडक्यात सांगते. भाषा संचालनालय १९६० पासून कायद्यांच्या मराठीचं काम करतंय. अनुच्छेद ३४८ मुळे न्यायालयात इंग्रजी पाठ अधिकृत ठरतो आणि सभागृहात बहुतेक सदस्य मराठी प्रत वाचून बोलतात. दोन्ही प्रतींत परंतुकाची, म्हणजे कलमाला जोडलेल्या अटीची किंवा अपवादाची, जागासुद्धा हलता कामा नये. मराठी उत्तम असलेल्या विधी पदवीधरांनी या जागांच्या जाहिरातींवर लक्ष ठेवावं.

दिल्लीचा मार्गही खुला आहे. पीआरएस लेजिस्लेटिव्ह रिसर्च ही संस्था 'लॅम्प' फेलोशिप चालवते. कुठल्याही शाखेचे, साधारण पंचविशीच्या आतले पदवीधर पावसाळी अधिवेशनापासून अर्थसंकल्पी अधिवेशन संपेपर्यंत एका खासदाराबरोबर काम करतात. त्यात अशासकीय विधेयकं, म्हणजे मंत्री नसलेल्या सदस्यानं मांडायची विधेयकं, लिहायची संधी मिळते. संसदेत आजवर अशी जेमतेम १४ विधेयकं कायद्यात रूपांतरित झाली आणि शेवटचं १९७० मध्ये. तरी ती लिहाच. उद्देश व कारणांचं निवेदन, व्याख्या, दंड, नियम करण्याचे अधिकार, हे सगळं स्वतःच्या हातानं लिहिल्याशिवाय मसुदा कळत नाही. राज्यशास्त्र किंवा लोकप्रशासनात एम.ए. करत असाल, तर राष्ट्रकुल संसदीय मंडळाची महाराष्ट्र शाखा नागपूर अधिवेशनात विद्यार्थ्यांसाठी संसदीय अभ्यासवर्ग घेते. विभागप्रमुखांकडे सप्टेंबरपासूनच चौकशी करत राहा.

पैशांचं स्पष्ट सांगते. सचिवालय आणि मंत्रालयातल्या नोकऱ्यांना शासकीय वेतन आणि स्थैर्य आहे. आमदारांच्या कार्यालयात मानधन बेताचं असतं आणि निवडणूक हरली की नोकरी गेली. मी ओळखते त्यातले बरेच जण दोन-तीन वर्षांनी वकिली, पत्रकारिता, स्वयंसेवी संस्था किंवा स्पर्धा परीक्षेकडे वळले. घरी पैसे पाठवायची जबाबदारी असेल, तर आधी परीक्षा द्या आणि हे काम सचिवालयाच्या वाटेनं गाठा.

गोपनीयतेचा नियमही पहिल्या दिवसापासून पाळायचा. सभागृहापुढे अजून न ठेवलेला कागद, समितीची अंतर्गत चर्चा किंवा मसुदा बाहेर दाखवणं हा सभागृहाच्या विशेषाधिकाराच्या भंगाचा विषय होऊ शकतो. मित्रांच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवरसुद्धा नाही. आणि आमदारांचं मत तुमच्या मतापेक्षा वेगळं असेल, तर आपलं म्हणणं एकदा नीट कागदावर मांडा. त्यानंतर त्यांना जे मांडायचंय, त्यासाठी उत्तम तयारी करून द्या. भाऊंनी माझ्या दुरुस्त्या बाजूला ठेवल्या, असंही अनेकदा झालं. मतदारांना तोंड त्यांना द्यायचं होतं, त्यामुळे निर्णयही त्यांचाच.

अजून ठरत नसेल, तर एक दिवस सभागृह पाहून या. प्रेक्षक गॅलरीचा पास तुमच्या आमदारांच्या कार्यालयातून मिळवता येतो. त्या दिवसाची कामकाजपत्रिका आधी वाचा आणि विधेयकं असतील असाच दिवस निवडा. गदारोळाचा दिवस निवडू नका, त्या दिवशी कामकाज तहकूब झालं की पाहायला काहीच उरत नाही. विधेयकाची प्रत विधिमंडळाच्या संकेतस्थळावरून घेऊन आदल्या रात्री वाचून ठेवा, कारण गॅलरीत कागद, फोन काही नेऊ देत नाहीत. मंत्री विधेयक मांडायला उभे राहिले, की अधिकारी गॅलरीकडे आणि प्रतिवेदकांच्या टेबलाकडे बघत राहा.