नोझावाबाईंचा आवाज ऐकायचा कसा

माझ्या जपानीच्या वर्गातली बरीच मुलं 'ड्रॅगन बॉल' ही जपानी कार्टून मालिका हिंदीत बघून आलेली असतात. मूळ जपानीत तिच्या नायकाला, गोकूला, एक बाई आवाज देतात, हे सांगितलं की त्यांचा विश्वासच बसत नाही. मासाको नोझावा, जन्म १९३६, टोकियो. १९८६ पासून गोकू त्यांच्याकडेच आहे. मुलाचा आवाज फुटला की मालिका अडते, बाईचा टिकतो, हे त्यामागचं साधं गणित.

ऑडिओ जपानी ठेवा, हेडफोन लावा. मारामारीपासून सुरुवात नको, तिथे सगळेच बोंबलतात. 'ड्रॅगन बॉल झी' या पुढच्या मालिकेत मेलेला गोकू एका दिवसापुरता परत येतो आणि धाकट्या गोतेनला पहिल्यांदा बघतो, तो भाग काढा. गोतेन आईच्या मागे लपलेला, थोरला गोहान शेजारी. बाप आणि दोन्ही मुलं, तिघांचाही आवाज नोझावाबाईंचाच! एकदा बघून झालं की डोळे मिटून पुन्हा ऐका. गोकू खेडवळ, मोकळा, 'मी'साठी 'ओरा' म्हणतो. गोहान जपून बोलतो, त्याचं 'बोकु'. गोतेनचा सूर सगळ्यात वर. हे तिघं वेगवेगळे रेकॉर्ड केलेत असं वाटेल, पण पडद्यावर चेहरा बदलला की आवाज आपोआप बदलतो, असं बाई सांगतात. जपानात आवाज देणारे कलाकार हातात संहिता घेऊन उभ्याने बोलतात, माइक सगळ्यांत मिळून. पान उलटल्याचा आवाजसुद्धा चालत नाही.

मग मागे जा. १९७८ च्या 'गॅलेक्सी एक्स्प्रेस ९९९' मालिकेतला त्यांचा तेत्सुरो हा पोरगा एखाद्या भागापुरता ऐकलात तरी चालेल. 'गेगेगे नो कितारो'ला मात्र अख्खी संध्याकाळ द्या. १९६८ च्या कृष्णधवल मालिकेत कितारो हा भुताखेतांतला पोरगा त्यांनी केला, आणि २०१८ च्या नव्या मालिकेत त्याचा बाप, ज्याचं डोकं म्हणजे नुसता एक डोळा. दोन्हींचा एकेक भाग पाठोपाठ लावा. पन्नास वर्षांत पोराचा बाप झाला, तरी खोडकरपणा तोच, असं माझं मत.

शेवटची नामावली पळवू नका, थांबवून बघा. बाईंचं नाव चार चिन्हांचं. शेवटचं, 'को'चं, तीन रेघांचं आणि सगळ्यात सोपं. ते आधी हेरा, मग मागची तीन ओळखीची होतात.